मूकपटांतले धडपडीचे विनोदी लघुपट आज बघून खरंच हसू येतं का? चॅप्लिन सोडून कुठून सुरुवात करावी?

येतं की! सुरुवात बस्टर कीटन या अमेरिकन विनोदी नटाच्या 'वन वीक'पासून करा. १९२० चा, दोन रिळांचा; चहा निवेपर्यंत संपतो म्हणा ना.

नव्या जोडप्याला आहेर म्हणून प्लॉट मिळतो आणि खोक्यांत भरलेलं सुट्या भागांचं घर. नंबरवारी जोडत जायचं. पण नवरीने नाकारलेला एक जण गुपचूप खोक्यांवरचे आकडे बदलून जातो. मग जे उभं राहतं त्याला घर म्हणायला धीर लागतो. वरच्या मजल्यावरचं दार थेट हवेत उघडतं. (आम्ही फ्लॅटचा ताबा घेतला तो दिवस मला आठवला, पण ते असो.)

पुढे वादळ येतं आणि पाहुण्यांसकट घर भोवऱ्यासारखं गरगरतं. ते घर खरोखरच फिरत्या चौथऱ्यावर बांधलेलं होतं, आणि त्यात पडणारा कीटनही खराच. लहानपणी रंगमंचावर बाप त्याला उचलून फेकायचा, तोच त्यांचा खेळ होता. आपण हसलो की प्रेक्षक कमी हसतात, हे तो तिथेच शिकला. म्हणून त्याचा चेहरा कायम ठोकळा. घर कलंडतंय आणि हा गडी वीजबिल वाचल्यासारखा बघतोय, यातच सगळी गंमत आहे.

एक मात्र सांभाळा. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे, त्यामुळे चुकीच्या वेगाने चालवलेल्या प्रतीत माणसं मुंग्यांसारखी पळतात. जरा चांगली प्रत शोधा.

मी आठ वर्षांच्या भाच्याबरोबर पाहिला. पहिली पाच मिनिटं तो रिमोट मागत होता. शेवटी ते घर दुसऱ्या प्लॉटवर ओढून नेताना रेल्वेच्या रुळांवर अडकतं. समोरून गाडी. दोघं डोळे झाकतात. गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. भाचा हुश्श करून माझ्याकडे वळला, "मामा, वाचलं!" आणि तेवढ्यात उलट्या दिशेने दुसरी गाडी आली. नेमका तोच क्षण हुकला म्हणून त्याने मला तीनदा मागे घ्यायला लावलं. तिसऱ्या वेळी कुठे त्याचं लक्ष पुढच्या गोष्टीकडे गेलं: ढिगाऱ्यावर 'विकणे आहे' ही पाटी, आणि सोबत घर जोडायचा तो कागद.