माशांना पंख, पण नर्तकाला नाहीत

पुण्याहून एका आईचं पत्र आहे. मुलगी अकरावीत, तीन वर्षं बॅले शिकतेय. वहीत मात्र पंखांचे मासे आणि छपरांवरून तरंगणारी माणसं. तिला बॅले बसवायचेत. ‘चित्रकला की नाच, एक काय ते ठरवायला सांगा,’ असं आई म्हणतात.

ताई, आधी कडू ते सांगतो. बॅलेसाठी शरीर आठव्या-दहाव्या वर्षापासून घडवावं लागतं. चौदाव्या वर्षी सुरुवात करून मोठ्या कंपनीत नाचायला मिळणं फार अवघड. आणि बॅले बसवणारे बहुतेक जण आधी स्वतः नाचलेले असतात.

पण ‘एक काय ते ठरव’ म्हणून तिच्या मागे लागू नका. तिला मार्क शगालची चित्रं दाखवा, तिच्याच वहीतली वाटतील. त्यांनी १९४२ मध्ये मेक्सिकोत ‘अलेको’ या बॅलेचे पडदे आणि पोशाख केले. नृत्यरचना लेओनिद मासीनची. चित्रातला माणूस गावावर वर्षानुवर्षं तरंगतो. नर्तक अर्धा मीटर उडाला, तर पाऊण सेकंदाच्या आत खाली! ते तरंगणं मग जोडीदाराचे हात, उडीआधीची थबक, मागचा पडदा आणि प्रकाश यांतून उभं करावं लागतं. खरी कल्पनाशक्ती तिथे लागते, नुसतं विचित्र सुचून भागत नाही.

नर्तक उदय शंकरही आधी मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि मग लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये चित्रकलाच शिकले. १९२३ मध्ये प्रसिद्ध रशियन बॅले नर्तकी ॲना पावलोव्हाबरोबर कृष्ण होऊन नाचले. अर्थात प्रत्येकाला पावलोव्हा भेटत नाही.

दिवाळीच्या सुट्टीत तिला एक काम द्या. वहीतलं एक चित्र घेऊन दोन मैत्रिणींवर तीन मिनिटांचा नाच बसवायचा, स्वतः नाचायचं नाही. मैत्रिणींना पाऊल जमेना, की ती पाऊल बदलते का मागचा पडदा रंगवायला बसते, ते शेजारी बसून बघा. पाऊल बदलत राहिली, तर नृत्यरचनेचा विचार करू. पडद्यात रमली, तर बारावीनंतर सीईटी देऊन बीएफए ही कलेची पदवी आणि त्यानंतर दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम, हा रस्ता आहे. तिथली प्रवेशाची चाळणी कडक असते. बॅलेचा क्लास दोन्हीकडे कामाचा, तो सोडवू नका.

नातेवाइकांना काय सांगायचं, असंही विचारलंय तुम्ही. तूर्तास ‘नेपथ्य शिकायचं म्हणतेय’ म्हणा. नाटकवेड्या घरात तेवढं पुरतं.