दुप्पट इसार घेऊन गप्प बसायचं का?

तुमचा प्रश्न असा: प्लॉटचं नोंदणीकृत साठेखत (पुढे खरेदीखत करून देण्याचा करार) झालं, इसार दिला, खरेदीखताची तारीख उलटली. आता भाव चढल्यावर विक्रेता म्हणतोय, "मी फिरलो तर दुप्पट इसार देईन असं लिहिलंय ना? मग घ्या आणि विषय संपवा."

तो म्हणाला म्हणून विषय संपत नाही. स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, १९६३ चं कलम २३ नेमकं याच प्रसंगासाठी आहे. करार मोडल्यास अमुक रक्कम द्यायची असं ठरलेलं असलं आणि मोडणारा ती द्यायला तयार असला, तरी कोर्ट खरेदीखत करून द्यायचा हुकूम देऊ शकतं. फक्त ती रक्कम व्यवहाराऐवजी देण्याची मुभा म्हणून ठरलेली नसावी. म्हणून साठेखतातली दुप्पट इसाराची अट शब्द न् शब्द वाचा. "कसूर केल्यास दुप्पट रक्कम द्यावी" हा धाक झाला. "दुप्पट रक्कम देऊन खरेदीखत न करण्याची मोकळीक राहील" असं असेल, तर मात्र तुमची बाजू लंगडी आहे. माझ्या पाहण्यात बहुतेक साठेखतांत पहिली भाषा असते.

करारपूर्ती, म्हणजे ठरलेलं खरेदीखत करून द्यायला लावणं, कोर्टाच्या मर्जीवर असते, असं कोणी सांगितलं असेल तर ते जुनं झालं. २०१८ च्या दुरुस्तीने कलम १० आणि २० बदलली. १ ऑक्टोबर २०१८ पासून अटी पुऱ्या होत असतील तर हुकूम द्यावाच लागतो. पण या अटींतली एक अशी आहे की चांगले चांगले दावे तिथेच आपटतात.

ती म्हणजे कलम १६(क). साठेखतापासून निकालापर्यंत तुम्ही आपला वाटा उचलायला तयार आणि राजी होतात, हे सिद्ध करावं लागतं. तयार म्हणजे पैशाची सोय, राजी म्हणजे तुमची वागणूक. कोर्टाने सांगितल्याशिवाय रक्कम तिथे भरायची गरज नाही, हे कायद्यातच लिहिलंय. पण उलटतपासणीत पहिला प्रश्न येतो तो असा: "खरेदीखत ठरलं होतं त्या महिन्यात तुमच्या खात्यात किती शिल्लक होती?" इथे "मी कधीही उभे केले असते" हे उत्तर चालत नाही. त्या महिन्याचं बँक स्टेटमेंट, मुदत ठेवीची पावती, कर्जमंजुरीचं पत्र, जे असेल ते आजच काढून ठेवा. मेहुण्याकडून येणार होते, तर मेहुण्याचं स्टेटमेंट आणि मेहुणा साक्षीला.

नोटीस अजून दिली नसेल तर वकिलामार्फत लगेच द्या. "आमची तयारी आहे" असं मोघम नको. उरलेली रक्कम किती, ती कुठे ठेवली आहे, आणि अमुक तारखेला सकाळी अकरा वाजता दुय्यम निबंधक कार्यालयात या, एवढं स्पष्ट लिहा. त्या दिवशी तो येणार नाही हे माहीत असलं तरी तुम्ही जा, खरेदीखताचा मसुदा आणि डिमांड ड्राफ्ट घेऊन, आणि हजर होतो याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी करून ठेवा. त्याने गुपचूप तुमच्या खात्यात रक्कम टाकली, तर ती नाकारल्याचं पत्र देऊन परत पाठवा. ती वापरली की "यांनी व्यवहार सोडला" हा बचाव त्याला आयता मिळतो.

दावा लावायची मुदत तीन वर्षं. साठेखतात खरेदीखताची तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून, नसेल तर नकार कळल्यापासून. तुमची तारीख ठरलेली होती, त्यामुळे "बोलणी चालू आहेत" या भरवशावर राहू नका. वर्ष-दोन वर्षं थांबून मग दावा लावला, तर तो मुदतीत असला तरी राजी असण्यावर प्रश्न येतोच.

दाव्यात काय मागायचं यातही लोक कंजूषी करतात. खरेदीखतासोबत ताबा मागा. पर्यायाने इसार परत आणि भरपाईही मागून ठेवा, कारण कलम २१ आणि २२ प्रमाणे न मागितलेलं आपोआप मिळत नाही. त्याने साठेखत रद्द केल्याची नोटीस दिली असेल, तर ते रद्द करणं बेकायदा असल्याची घोषणाही मागा. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या आय. एस. सिकंदर निकालापासून ही घोषणा न मागितल्यास दावा उलटण्याची भीती असते.

त्याने प्लॉट दुसऱ्याला विकू नये म्हणून दाव्यासोबतच मनाई हुकमाचा अर्ज द्या. लिस पेन्डन्सची, म्हणजे या प्लॉटवर दावा चालू असल्याची, नोटीसही दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. महाराष्ट्रात ही नोंदणी चुकवू नका. तुमचं साठेखत नोंदवलेलं आहे, म्हणून नव्या खरेदीदाराला "मला काही ठाऊक नव्हतं" म्हणणं अवघड जाईल. पण तिसरा माणूस आत आला की दावा लांबतो, एवढं नक्की.

आणि निकाल तुमच्या बाजूने लागला, तर हुकूमनाम्यात पैसे भरायला दिलेली तारीख पाळा. ती चुकली तर कलम २८ खाली विक्रेता करारच रद्द करून मागू शकतो. मुदतवाढ लागणार असेल तर तारीख जायच्या आत अर्ज करा.