वजनकाटा माळ्यावर टाकला, पण रिपोर्टचं काय?

*मावशी, मी ३१ वर्षांची, लातूरजवळ एका गावात शिक्षिका आहे. उंची पाच फूट दोन, वजन ७४ किलो. गेल्या उन्हाळ्यात उदगीरला एका लग्नात चुलत सासूबाई भर पंगतीत वाढप्याला म्हणाल्या, "हिला एकच पुरी वाढा." सगळे हसले, नवराही. घरी येऊन वजनकाटा माळ्यावर टाकला. मोबाईलवर 'आहे तशी छान' म्हणणाऱ्या जाड मुलींचे व्हिडिओ बघू लागले. खरंच बरं वाटायलं होतं. मागच्या महिन्यात शिबिरात रक्त तपासलं, एचबीए१सी (रक्तातल्या साखरेची तपासणी) ६.१ आलं. आता जाऊबाई वजन उतरवायच्या पावडरचा डबा घेऊन मागं लागल्यात. मी स्वतःला फसवायले का?*

बाई, आधी त्या पुरीचं बोलू. जेवत्या माणसाच्या ताटावरून बोलायचं नाही, हे आपल्याकडं पोरांना शिकवतात. मोठी माणसंच विसरतात. सासूबाईंना सुधारायचा नाद तू सोड. नवऱ्याला मात्र एकदा शांतपणे सांग, "तुम्ही हसलात ते मला लागलं." हे बोलून टाकल्याशिवाय तुला धड जेवताही येणार नाही.

वजनकाटा माळ्यावर टाकलास, चांगलं केलंस. फक्त त्याच्या मागोमाग दवाखानाही माळ्यावर गेला. एचबीए१सी ५.७ ते ६.४ ही मधुमेहाच्या अलीकडची पायरी, ६.५ पासून मधुमेह धरतात. म्हणजे तू उंबऱ्यावर आहेस, अजून मागं फिरता येतं.

आणि ही पायरी काही जाड माणसांसाठीच राखून ठेवलेली नाही. पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे ब्रिटिश सहकारी जॉन युडकिन यांनी २००४ मध्ये 'लॅन्सेट' या डॉक्टरांच्या नियतकालिकात स्वतःचाच फोटो छापला होता. उंचीच्या मानानं वजन दोघांचंही सारखं, बीएमआय २२.३. पण अंगातली चरबी युडकिन यांची ९.१ टक्के, याज्ञिकांची २१.२! आपल्याकडची सडपातळ माणसंही आतून अशी असू शकतात. तेव्हा सासूबाईंना म्हणावं, घरातल्या काटकुळ्यांचीही साखर तपासून आणा.

आमच्याकडं पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळण असायची. वडील बैलाच्या खांद्याला हळद-तूप चोळायचे. जू घासून घासून जिथं कातडं निबर झालेलं असायचं, तिथं त्यांचा हात जास्त वेळ रेंगाळायचा. बैल देखणा आहे का, हे कुणी विचारत नव्हतं. अन् त्याच बैलानं वैरण टाकली की वडील सगळी कामं सोडून जनावरांच्या डॉक्टरला आणायला धावायचे. (बैलाची उपमा दिली म्हणून रुसू नकोस, आमच्या घरात त्याहून लाडकं कुणी नव्हतं.) तू हळद-तूप लावलंस, आता डॉक्टरकडं चल.

जाताना थायरॉईडचं विचार, पाळी मागंपुढं होत असेल तर तेही सांग. पावडरचा डबा जाऊबाईंना परत दे. त्यात काय कालवलंय ते त्यांनाही ठाऊक नसणार.

लग्नाआधीचं वजन डोक्यातून काढ. २००२ साली अमेरिकेत एक मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. तुझ्यासारख्या उंबऱ्यावरच्या माणसांनी वजन सात टक्के उतरवायचं आणि आठवड्याला १५० मिनिटं चालायचं, एवढंच ठरवलं होतं. त्यांच्यात मधुमेह होण्याचं प्रमाण ५८ टक्क्यांनी घटलं. तुझ्या हिशेबात हे पाच किलो होतात. पाच दिवस अर्धा-अर्धा तास चाल. उन्हाळ्यात दिवस उगवायच्या आत, नाहीतर आपलं ऊन तुला घरी बसवील.

भाकरी सोडू नकोस. पण ठेच्याबरोबर तीन भाकरी खातेस त्याऐवजी दीड-दोन घे, अन् ताटात घट्ट वरण, करडईची नाहीतर अंबाडीची भाजी वाढ. खरी गडबड मला चहात दिसते. शाळेत दिवसाला चार कप होत असतील, तर कपाला दोन चमचे धरले तरी आठ चमचे साखर झाली. तिथून सुरुवात कर. वेळ अमावस्येला मात्र शेतात बसून भज्जी आणि आंबिल पोटभर खा. त्या दिवशी मोजमाप करणारीला आमच्या शिवारात जागा नाही.

एचबीए१सी मागच्या दोन-तीन महिन्यांचा हिशेब सांगतं, म्हणून तीन महिन्यांनी पुन्हा तपास आणि मला कळव. वजन महिन्यातून एकदा दवाखान्यातच बघ. घरचा काटा राहू दे माळ्यावर.