धुळ्याजवळच्या लळिंगच्या डोंगरावर पाहण्यासारखं काय आहे आणि त्याचा इतिहास काय?

धुळ्याहून मालेगावकडे निघालं की साधारण १० किलोमीटरवर, मुंबई-आग्रा महामार्गाला अगदी लागून हा डोंगर आहे आणि त्याच्या माथ्यावर लळिंगचा किल्ला आहे. रोज हजारो गाड्या पायथ्यावरून जातात, वर मात्र फारसं कुणी चढत नाही.

खानदेशावर राज्य करणाऱ्या फारुकी घराण्याचा मूळपुरुष मलिक राजा १३९९ मध्ये वारला. थाळनेरचा किल्ला धाकट्या मुलाकडे आणि लळिंग थोरल्या नासिरकडे, अशी वाटणी झाली. पुढे नासिरने असीरगड घेतला, बुऱ्हाणपूर वसवलं. पण दख्खनच्या बहमनी सुलतानाची फौज चालून आली तेव्हा तो आसऱ्याला इथेच परत आला, हरला आणि १४३७ मध्ये वारला. थोडक्यात, घराण्याची चढती आणि उतरती दोन्ही या डोंगराने पाहिली.

चढण लळिंग गावातून सुरू होते. आधी गावातलं दगडी महादेव मंदिर बघून घ्या, लोक ते हमखास चुकवतात. वर तटबंदी, कातळात खोदलेली टाकी आणि वाड्यांचे अवशेष आहेत. तासाभराची चढण आहे. टाक्यातल्या पाण्यावर विसंबू नका, माणशी दोन लिटर सोबत न्या. सावली जवळजवळ नाही, म्हणून एप्रिल-मे टाळा. पावसाळ्यानंतर जा, तेव्हा डोंगर हिरवा असतो. मात्र गवतात पायवाट हरवते आणि घसरायला होतं.

लळिंगच्या कुरणातला लांडोर बंगलाही पाहा. १९३७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिथे मुक्कामाला होते. त्या मुक्कामाच्या आठवणीसाठी दरवर्षी ३१ जुलैला तिथे मोठी गर्दी असते.