पुरावा मागू नकोस

पोरी, तुझी व्हॉइस नोट दोनदा ऐकली. मिरजेतल्या मुस्लिम सतार-कारागिरांवरच्या फिल्मचं निम्मं शूट झालंय आणि आता ती नेमकी कशावर आहे तेच कळेना, म्हणालीस. मग तुझी प्रश्नांची यादी उघडली. तिसरा प्रश्न, 'तुम्हाला इथं आपलेपणा वाटतो का?' वाचून पोटात खड्डा पडला. अगदी हाच प्रश्न मी मिरजेत विचारलाय.

सतारमेकर गल्लीत सत्तरीचे चाचा तंबोऱ्याची जवारी काढत, म्हणजे घोडी घासून तारेचा नाद जुळवत बसलेले. घोडीवर, तारा टेकतात त्या पट्टीवर, कानस हलकेच फिरवायची, तार छेडायची, कान द्यायचा, परत कानस. तासभर हेच चाललेलं, आणि मी मधेच प्रश्न टाकला. हात थांबला त्यांचा. कॅमेऱ्याकडे बघून 'आम्ही सगळे भाऊ भाऊ' वगैरे बोलले, आवाजसुद्धा बदलला. आणि मी तोच बाइट ठेवला गं, जवारीचं सगळं फुटेज फिल्ममधून काढून टाकलं, स्लो वाटतं म्हणून!

ज्यांचे पूर्वज शिकलगार, हत्यारांना धार लावणारे, जे पिढ्यान्‌पिढ्या तंबोरे करतायत, ज्यांचा भोपळा पंढरपूरकडून येतो, ज्यांच्या सतारीला 2024 साली जीआय टॅग, म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालं, त्यांना मी पंधरा दिवसांचा पाहुणा विचारतोय की तुम्ही इथले का. पुरावा मागू नकोस. प्रेमानं मागितलास तरी तो पुरावाच.

तुझ्या मेलमध्ये 'मुख्य प्रवाह' चार वेळा आलाय. कुठला प्रवाह? किराणा घराण्याचे गायक अब्दुल करीम खाँसाहेबांची कबर मिरजेत मीरासाहेबांच्या दर्ग्यात आहे, तिथं उरुसाला गाणं होतं, ऐकायला कोण कोण बसतं ते जाऊन बघ आणि मग तो शब्द वापर.

म्हणून सगळं गोडगोडही नको करूस. मिरजेतली 2009 च्या गणपतीतली दंगल ठेवू का विचारलंस. ठेव. फक्त त्या कारागिराला तिचा खुलासा करायला लावू नकोस. घरातली, म्हणजे समाजाच्या आतली भांडणंही ठेव. 18 एप्रिल 1966 ला समाजसुधारक हमीद दलवाईंनी सात मुस्लिम बायकांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर नेला, तोंडी तलाकच्या विरोधात. त्या बायका काय पुरावा द्यायला गेल्या होत्या का? हक्क मागायला गेल्या होत्या, आणि हक्क माणूस आपल्याच सरकारकडे मागतो, एवढं साधं आहे हे.

पुढच्या फिल्मच्या वेळी एका चॅनेलनं सुरुवातीला टोपी, अजान आणि ड्रोननं घुमट मागितला. मी नाही म्हणालो. फिल्म चार वर्षं पडून राहिली, लोक हट्टी म्हणाले, घरातलेही म्हणाले. मी आजही नाहीच म्हणेन. एकदा वाकलो होतो, मिरजेत, तो बाइट ठेवून.

परवा जाशील तेव्हा ती यादी घरीच ठेव. माइक माणसाला नको, घोडीजवळ लाव, आणि कानस थांबेपर्यंत कट म्हणू नकोस, कितीही वेळ लागू दे. चाचा आता नाहीत, मुलगा बसतो दुकानात. त्याला सांग, वडिलांचं ते तासभराचं फुटेज माझ्याकडं जपून आहे. हार्ड डिस्क तुझ्याबरोबर पाठवतो, त्याच्या हातात दे.