स्वतःच्या घरावर माहितीपट केला तर तो नुसता घरगुती व्हिडिओच होईल ना?

होऊ शकतो, बऱ्याच जणांचा होतोही. तुम्ही लिहिलंय की आजोबा कोयना धरणग्रस्त, पुनर्वसन रायगडात, त्यांच्यावर काही करायचंय, पण "आमच्या घरात लोकांना काय रस?" ही धास्ती आहे. याला माझ्याकडे उत्तर एकच, माहितीपटकार आनंद पटवर्धन.

पटवर्धन म्हटलं की मोर्चे, दंगली, सेन्सॉरशी कोर्टकज्जे. १९८५ चा 'बॉम्बे: हमारा शहर' मुंबईतल्या झोपड्या तोडण्यावर आहे. त्यात एक बाई खुद्द त्यांनाच फैलावर घेते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्या पदरात काय, असा तिचा रोख. दुसऱ्या कुणी एडिटिंगला हा तुकडा गुपचूप उडवला असता, त्यांनी ठेवला. मला तर मेख तिथेच वाटते. दुसऱ्याच्या घराचं शूटिंग करणारा स्वतः संध्याकाळी कुठल्या घरी परत जातो, हे प्रेक्षकाला कळायला हवं.

पटवर्धनांचं ते घर दिसतं 'वसुधैव कुटुम्बकम्' (२०२३) मध्ये. आईवडील म्हातारे होत असताना घरातल्या घरात केलेलं शूटिंग, त्यावरून पुढे उभा राहिलेला सिनेमा. आई निर्मला, सिरॅमिकमधलं मोठं नाव. माहेर सिंधमधल्या हैदराबादचं, फाळणीत सुटलेलं. निर्मलांचे वडील भाई प्रताप यांनी कच्छात निर्वासित सिंधी लोकांसाठी गांधीधाम वसवलं. इकडे नगरचे पटवर्धन. काका अच्युतराव बेचाळीसच्या भूमिगत चळवळीत, पोलिसांच्या हाती न लागलेले; दुसरे काका रावसाहेब गांधीवादी. एवढा इतिहास, पण तो येतो लेकाशी चाललेल्या गप्पांतून, चेष्टामस्करीतून. कॅमेऱ्यासमोर सावरून बसून दिलेली मुलाखत असती तर मी अर्ध्यात उठलो असतो.

म्हणून आजोबांना "गाव सोडताना काय वाटलं?" असं विचारू नका. डोळ्यांत पाणी येईल, पण ऐकायला मिळेल ते ठरलेलंच. बदली जमिनीचा सातबारा कधी नावावर झाला, कुणाकडे खेटे घातले, नव्या गावात पाण्यावरून नि गायरानावरून मूळ गावकऱ्यांशी काय झालं, ते विचारा. तिथले लोक यांना आजही 'धरणवाले' म्हणत असतील, तर त्यांच्याही दारात कॅमेरा न्या. ते आजोबांना बरं वाटेलच असं नाही, हे आधी घरात बोलून घ्या.

तुमचे प्रश्न कापू नका, नातवाचा आवाज राहू द्या. आजोबा "आता बंद कर ते" म्हणाले तर बंद करा, पण तेवढं वाक्य ठेवा.

आणि कॉलर माइक घ्याच. म्हातारी माणसं हळू बोलतात, पंख्याची घरघर नंतर कितीही केलं तरी धड निघत नाही.