पडद्यावरचे प्रश्न : भुतं खोटी, मग मनकवडी खरी कशी?

प्रश्न : चिनी डिटेक्टिव्ह चार्ली चॅनचा ‘चार्ली चॅन ॲट ट्रेझर आयलंड’ हा १९३९ चा सिनेमा नुकताच पाहिला. प्रेतात्म्यांना बोलावणारा डॉ. झोडिॲक भोंदू निघतो, ते पटलं. पण दुसऱ्याच्या मनातलं ओळखणारी ईव्ह केरो मात्र खरी दाखवली आहे! हा दुटप्पीपणा नाही का?

उत्तर : आहे, आणि तुम्ही नेमकं दुखऱ्या जागेवर बोट ठेवलंत. मी कॉलेजात असल्यापासून हौसेनं जादूचे प्रयोग करत आलोय, त्यामुळे असले सिनेमे बघताना खुनी कोण यापेक्षा टेबलाखाली काय चाललंय याकडेच माझं लक्ष जास्त.

झोडिॲकचं सोपं आहे. गिऱ्हाइकांची गुपितं त्याच्याकडे आधीच फायलींत नोंदलेली. अमेरिकेतले प्लँचेटवाले खरोखरच गिऱ्हाइकांची अशी माहिती एकमेकांना पुरवत. अंधारातल्या बैठकीचीही एक जुनी युक्ती सांगतो. सगळे हात धरून बसलेले. बुवा खोकल्याच्या निमित्तानं हात सोडवतो आणि परत देताना दोन्ही शेजाऱ्यांना एकच हात देतो. एकाच्या हाती बोटं, दुसऱ्याच्या हाती मनगट. दुसरा हात मोकळा! मी हे मामेबहिणीवर करून पाहिलं होतं. मोकळ्या हातानं तिची वेणी ओढली, तर तिला थेट आजीच आल्याचा भास झाला. पुढे महिनाभर ती माझ्याशी बोलली नाही.

झोडिॲकला जाहीर आव्हान देणारा जादूगार राडिनी आठवा. नावातच हुडिनी, प्लँचेटवाल्यांचं पितळ उघडं पाडणारा तो प्रसिद्ध जादूगार, ऐकू येतो ना? हुडिनीची आणि शेरलॉक होम्सच्या जनकाची, कॉनन डॉयलची, चांगली मैत्री होती. १९२२ मध्ये अटलांटिक सिटीत डॉयलच्या बायकोनं हुडिनीच्या दिवंगत आईचं ‘पत्र’ उतरवून घेतलं. पानंच्या पानं, अस्खलित इंग्रजीत आणि वर क्रूस काढलेला. आई ज्यू धर्मगुरूची बायको, इंग्रजी तिला धड येत नव्हतं. मैत्रीला तिथूनच तडा गेला. गंमत बघा, विश्वास ठेवणारा डिटेक्टिव्हचा बाप आणि शंका घेणारा जादूगार.

आता ईव्ह. हुडिनीसारख्यांनी भुतांची अब्रू घालवली होती, पण मनकवडेपणाला तोवर प्रयोगशाळेचा पांढरा कोट मिळाला होता. ड्यूक विद्यापीठात जे. बी. ऱ्हाइन पाच चिन्हांच्या पंचवीस पत्त्यांवर लोकांची अतींद्रिय शक्ती तपासत होते. १९३४ मध्ये त्यांचं पुस्तक आलं आणि त्यावर भरपूर चर्चा झाली. त्या निकालांवर शास्त्रज्ञांनी पुढे सडकून टीका केली, पण १९३९ च्या प्रेक्षकाला ईव्ह ‘आधुनिक’ वाटली असणार. माझ्या मते पटकथेला शेवटच्या स्टेजवरच्या प्रसंगासाठी ती हवी होती, म्हणून तिला सूट मिळाली. शेवट इथे फोडत नाही, पण तो प्रसंग रंगतो हे कबूल.

खटकतं ते वेगळंच. चिनी चॅनच्या भूमिकेत गोरा सिडनी टोलर, आणि मुलगा जिमी झालेला व्हिक्टर सेन युंग मात्र खरोखर चिनी वंशाचा, सिनेमा जिथे घडतो त्या सॅन फ्रान्सिस्कोतच जन्मलेला. बापलेक शेजारी उभे राहिले की मेकअप जास्तच डोळ्यांत भरतो.

असलंच आणखी हवं असेल, तर १९३१ चा ‘द ब्लॅक कॅमल’ बघा. होनोलुलूतला खून, चॅनच्या भूमिकेत वॉर्नर ओलँड आणि भविष्यवेत्ता म्हणून बेला लुगोसी. त्याच वर्षीचा ड्रॅक्युला! तो नुसता दारात उभा राहिला तरी संशय त्याच्यावरच जातो.